रातकिडा गेला

“गेला,” व्हिन्स नाडकर्णी म्हणाले आणि त्यांनी हात झटकले.

आम्ही चौघं एकमेकांकडे बघत राहिलो, कारण रातकिडा गेलेला नव्हता. ड्रमच्या मागच्या भिंतीत कुठेतरी बसून तो सकाळपासून ओरडत होता आणि आता तर त्याला जास्तच जोर चढला होता. प्रवीण ढमढेरे एका हातात चप्पल घेऊन ओणवा उभा होता. पाटोळे बंधू, म्हणजे आमचे गिटार आणि बेस, गुडघ्यांवर रांगून केबलींच्या गुंत्यात शोधत होते.

“सर, तो...” मी म्हटलं.

“गेला म्हटलं ना. चला, आपापल्या जागेवर. टेप लावतो.”

आणि ते काचेपलीकडच्या खोलीत जाऊन आपल्या खुर्चीत बसले. किर्र किर्र चालूच होतं. ढमढेरेने चप्पल पायात घातली, ड्रमवर बसला आणि हळूच मला म्हणाला, “साहेब म्हणत्यात ना गेला, मंग गेला.”

ही गोष्ट कॅसेटच्या शेवटच्या बऱ्या दिवसांतली. आमच्या बँडचं नाव ‘भट्टी’. सगळे चिंचवडच्या कारखान्यांभोवती वाढलेले. ढमढेरे फोर्जिंग शॉपमध्ये होता, पाटोळे बंधूंचं वेल्डिंगचं दुकान होतं आणि मी ढमढेरेच्याच कंपनीत टेलिफोन ऑपरेटर होते. बोर्डावर बसून मी ‘नमस्कार’ म्हटलं की पलीकडचा माणूस ‘हां साहेब’ म्हणायचा, असा माझा आवाज. जाड, खालचा, विहिरीतून यावा तसा. शाळेच्या समूहगीतात बाईंनी मला मागच्या रांगेत उभं केलं आणि सांगितलं, “शलाका, तू नुसते ओठ हलव.” दहावीपर्यंत मी इमानेइतबारे ओठ हलवले. एकदा कंपनीच्या कँटीनमध्ये उसळीवरून मी आचाऱ्याला चार शब्द सुनावले, ते ढमढेरेने ऐकले आणि डबा तसाच टाकून तो माझ्याकडे आला. म्हणाला, “ताई, गाता का वो तुम्ही?” आयुष्यात पहिल्यांदा त्या आवाजाला कुणी गायच्या कामावर ठेवलं होतं. म्हणून ती कॅसेट. बाकी कशाला नाही, पण हा आवाज एकदा कुठेतरी जसाच्या तसा नोंदवून ठेवायचा होता.

आणि नोंदवणार कोण, तर साक्षात व्हिन्स नाडकर्णी. मूळचे दादरचे वसंत दत्तात्रय. तरुणपणी लंडनला गेले, तिथल्या एका स्टुडिओत चार वर्षं राहिले आणि परत आले ते व्हिन्स होऊन. तिथे ते नेमकं काय करायचे ह्याबद्दल दोन मतप्रवाह होते. त्यांचे चाहते म्हणत, मोठमोठ्या बँडांचे आवाज त्यांनीच घडवले. त्यांचा द्वेष करणारे म्हणत, मोठमोठ्या बँडांना चहा त्यांनीच दिला. काही असो, आल्यावर त्यांनी मुंबईतल्या इंग्रजी गाणाऱ्या पोरांच्या तीनचार रेकॉर्डी केल्या आणि रॉक म्हटलं की नाडकर्णी, असं होऊन बसलं. मग त्यांना एकाएकी मराठीचा पुळका आला. तळेगावच्या पुढे बटाट्याचं एक बंद पडलेलं कोल्ड स्टोरेज होतं, ते त्यांनी घेतलं. भिंतींना हातभर जाडीचं बुचाचं अस्तर. बाहेर ट्रक उलटला तरी आत कळायचं नाही. स्वतः नाडकर्णी म्हणजे केसांची शेंडी, गळ्यात रुद्राक्ष, पायात लाकडी खडावा. त्या खडावा टेपमध्ये ऐकू येतील म्हणून सांगायची कुणाची छाती नव्हती.

तिथल्या पद्धतीही वेगळ्याच. कुणी मोठ्याने हाक मारायची नाही. नाडकर्णींच्या पत्नी, निर्मलावहिनी, मागच्या खोलीत स्वयंपाक करायच्या. जेवण झालं की त्या दारात येऊन दिव्याचं बटण दोनदा खटखट करायच्या. खोलीत अंधार-उजेड-अंधार-उजेड झाला की सर मान वर करायचे. आम्हाला वाटायचं, ही लंडनची शिस्त. धाकट्या पाटोळेने तर आपल्या दुकानातही ती लागू केली आणि वडिलांच्या शिव्या खाल्ल्या.

तर त्या सकाळी रातकिडा निघाला. खरं म्हणजे गाणंही रात्रपाळीवरचंच होतं, ‘तिसरी पाळी’. ‘भोंगा झाला, डबा उघड, झोप ठेव खिशात’ असं काहीतरी ढमढेरेने लिहिलं होतं. आम्ही सुरुवात केली की मध्येच किर्र व्हायचं. मीच हात वर करून थांबवलं आणि म्हटलं, “सर, रातकिडा.”

“आहेच,” सर म्हणाले. “मघापासून मी तेच बघतोय. शोधा.”

मग ते स्वतः बाहेर आले आणि शोधमोहिमेचं नेतृत्व करू लागले. रातकिड्याची एक खोड असते, आपण जवळ गेलो की तो गप्प बसतो. ढमढेरे भिंतीजवळ गेला, आवाज बंद. सगळे श्वास रोखून उभे. अशा वेळी, त्या पूर्ण शांततेत, सरांनी बोट वर केलं, डोळे मिटले आणि म्हणाले, “शू... ऐका. तिकडे.” आणि पियानोकडे बोट दाखवलं.

तिकडे काहीच नव्हतं. पाटोळे बंधूंनी तरीही पियानो हलवला. ढमढेरे चार पावलं मागे सरला, रातकिडा भिंतीतून पुन्हा सुरू झाला आणि नेमके तेव्हाच सर पियानोखालून वाकून वर आले आणि म्हणाले, “गेला.”

आम्ही तो टेक केला. सांगायला वाईट वाटतं, पण भट्टीच्या आयुष्यातला तो सगळ्यात चांगला टेक. ढमढेरे ऐरणीवर घाव घालावेत तसा वाजवत होता आणि माझा आवाज असा भरून आला की माझ्याच अंगावर काटा आला. गाणं संपलं तेव्हा सर काचेमागे डोळे मिटून, मांडीवर ठेका धरून बसले होते. त्यांच्या तोंडावर असं सुख मी आधी कुणाच्याच तोंडावर पाहिलं नव्हतं, निदान माझ्या आवाजामुळे तरी.

“हाच ठेवायचा,” ते म्हणाले.

“पण किडा?” थोरल्या पाटोळेने विचारलं.

“सरांना चालतोय,” धाकटा म्हणाला. “त्यांनी मुद्दाम ठेवला असणार. आपल्याला नाही कळायचं ते.”

मग आम्ही काचेपलीकडे गेलो आणि सरांनी ते गाणं आम्हाला ऐकवलं.

पहिलं अर्धं मिनिट ते जसं होतं तसं वाजलं आणि मी मनातल्या मनात सगळ्या जगाला माफ करून टाकलं, समूहगीताच्या बाईंसकट. मग सरांनी हात पुढे केला आणि ट्रेबलचं, म्हणजे वरचे बारीक आवाज वाढवायचं, बटण फिरवलं. थोडं. आणखी थोडं. मग सगळंच. माझ्या आवाजाचं खालचं अंग विरघळत गेलं आणि वर जे उरलं ते पत्र्यावर खिळा ओढल्यासारखं होतं. झांजांनी दात शिवशिवायला लागले. आणि ह्या सगळ्याच्या वर, मुख्य गायक असल्याच्या थाटात, रातकिडा.

“आता कशी धार आली,” सर म्हणाले.

“सर, हा माझा आवाज नाही.”

“तुझाच आहे. फक्त त्याला इस्त्री केलीय.”

“कमी करा ना थोडं. बेस तरी राहू दे.”

“शलाका, तू गायचं काम कर.” ते हसत म्हणाले. “ऐकायचं काम माझ्याकडे आहे.”

बाकीचे तिघं जमिनीकडे बघत होते. ढमढेरेने तर नंतर कानात कापूस घातलेला मी पाहिला. पण बोलला कुणी नाही. सर लंडनला राहिलेले आणि आम्ही चिंचवडच्या पलीकडे फार तर आळंदीपर्यंत गेलेले.

दिव्याची उघडझाप झाली. आम्ही जेवायला बसलो. निर्मलावहिनींनी माझ्या पानात आमटी वाढली आणि अगदी बारीक, लाजऱ्या आवाजात म्हणाल्या, “मी दारातून ऐकलं तुमचं भांडण. एक सांगू का? ह्यांच्याशी कशावरूनही वाद घाला. मिठावरून घाला, देवावरून घाला. फक्त ट्रेबलवरून घालू नका.”

“का?”

“आमटी गरम आहे. सावकाश.”

सर आमच्यासमोरच बसले होते, हातभर अंतरावर. वहिनींचं बोलणं त्यांनी ऐकलंच नव्हतं. भात कालवत होते. तेवढ्यात मागच्या खोलीत कुकरची शिट्टी झाली, असली की मी दचकले आणि माझ्या हातातला पापड मोडला. सर भात कालवतच राहिले.

मग मला एकेक करून सगळं दिसायला लागलं. पियानोकडे दाखवलेलं बोट. दिव्याचं बटण. खडावांचा तो आवाज, जो त्यांना स्वतःला कधी खटकला नाही. वहिनी बोलताना त्यांच्याकडे न बघता बोलल्या ते. मी जेवण तसंच ठेवलं. इतकं महागात पडणारं हसू मला आजवर कधी आलं नव्हतं आणि रडूही येत होतं. महाराष्ट्रातल्या सगळ्या बँडवाल्यांनी ज्याच्या कानावर डोळे मिटून विश्वास टाकला होता, त्या माणसाला कुकर ऐकू येत नव्हता.

जेवणानंतर ते बाहेर शेडखाली सिगारेट ओढत उभे होते. मी समोर जाऊन उभी राहिले, तोंड दिसेल अशी.

“सर, रातकिडा गेलेला नाही.”

त्यांनी धूर सोडला. “माहीत आहे.”

“कसं?”

“तुझ्या तोंडावरून. आणि तो ढमढेरे चप्पल हातातून ठेवायला तयार नव्हता त्यावरून.” ते हसले नाहीत. “मी तरी काय करणार होतो? संध्याकाळपर्यंत तुम्हाला रांगायला लावणार होतो?”

“कधीपासून?”

“लंडनला. चार वर्षं रोज स्पीकरच्या पुढ्यात. तेव्हा कळलं नाही. इथे आल्यावर एकेक गोष्ट जायला लागली. आधी पाखरं गेली. मग फोनची घंटा. कुकर. मग निमा.” त्यांनी दाराकडे पाहिलं. “तिचा आवाज बारीक आहे, तू ऐकलास ना? मला तो गेली सहा-सात वर्षं ऐकू येत नाही. ती हाक मारते आणि मला काही कळत नाही, म्हणून ते बटण. पहिल्यांदा तिने ते केलं तेव्हा मला वाटलं फ्यूज उडतोय.”

मी भांडायला गेले होते.

“पोतंभर कॅसेटी येतात माझ्याकडे,” ते म्हणाले. “कोवळ्या कोवळ्या पोरांच्या. लावतो. ढोल येतो, बेस येतो आणि वर माणसं नुसते ओठ हलवतायत असं वाटतं. मग अंदाजाने सांगतो, छान आहे, अजून रियाज करा. आणि एके दिवशी तुमची लावली. खोलीत कुणीतरी येऊन बोलायला लागलं, शलाका. मी निमाला ओरडून बोलावलं. म्हटलं, ही बघ, ही सगळीच्या सगळी ऐकू येते.”

तरी माझा मुद्दा मी सोडला नाही. “मग ती तशीच ठेवा ना. सगळीच्या सगळी. तिची चाळण कशाला करताय?”

“कारण मला पुरतं म्हणून लोकांना पुरेल असं मी कसं धरू? जे मला ऐकूच येत नाही, ते कमी आहे की जास्त, मी कुणाच्या भरवशावर ठरवू? म्हणून वाढवतो. जास्त झालं तर लोक म्हणतात, ही नाडकर्णींची स्टाइल. कमी पडलं तर विचारतील, म्हाताऱ्याला ऐकू येत नाही की काय.”

“मी ऐकते तुमच्यासाठी. तुम्ही बटणं फिरवा, मी सांगते कुठे थांबायचं. कुणाला कळणार नाही.”

माझी खात्री होती की ते हो म्हणणार.

“उद्या मी आंधळा झालो तर सही पण तूच करशील माझी,” ते म्हणाले. सिगारेट खडावेखाली विझवली. “उद्या कॅसेट कंपनीचा मांजरेकर ऐकायला येतोय. तुला सांगायचं असेल तर त्याला सांग. मी नाही म्हणणार नाही. तो दुसरा कुणी आणेल, चांगल्या कानांचा. तुझा आवाज तुला मिळेल. हक्कच आहे तुझा.”

एवढं उदार बोलून ते आत गेले आणि गिटारचंही ट्रेबल वाढवून ठेवलं.

दुसऱ्या दिवशी मांजरेकर आले. सफारी, तोंडात पान, कॅसेट कंपनीचा मराठी विभाग म्हणजे ते एकटे. त्यांनी आजवर आरत्या, पोवाडे आणि बालगीतं खपवली होती. रॉक त्यांना वरून सांगितलं होतं म्हणून ते आले होते. कंट्रोल रूममधल्या एकमेव सोफ्यावर ते बसले, आम्ही भिंतीला टेकून उभे. वहिनी चहा घेऊन आल्या आणि जायच्याऐवजी दिव्याच्या बटणाजवळ उभ्या राहिल्या.

सरांनी ‘तिसरी पाळी’ लावली.

काल जे होतं त्याच्यावरही त्यांनी सकाळी उठून आणखी हात फिरवला होता. मी कुठेतरी दूर, डब्यात कोंडलेल्या डासासारखी गात होते. मला वाटलं, ओरडावं. मला वाटलं, आत्ता, ह्या क्षणी टेप ओढून काढावी. तेवीस वर्षांत ज्या एका गोष्टीवर मी जीव लावला होता, तिला माझ्यासमोर कानस लावली जात होती आणि मला भिंतीला टेकून बघायचं होतं.

गाणं संपलं. मांजरेकरांनी पान एका गालातून दुसऱ्या गालात घेतलं.

“एक विचारू का, नाडकर्णी?” ते म्हणाले. “ते मागे सारखं किर्र किर्र होतंय, ते काय आहे? पहिल्यापासून शेवटपर्यंत. मध्येच थांबतं, परत चालू होतं.”

सर मांजरेकरांच्या ओठांकडे बघत होते, पण पानामुळे ते ओठ वाचता येण्यासारखे राहिलेच नव्हते. प्रश्न विचारला गेलाय एवढं त्यांना कळलं. कसला, ते नाही. त्यांनी वहिनींकडे पाहिलं. वहिनींचा हात बटणावर होता, पण अंधार करून तरी काय सांगणार? मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं.

“त्यो...” ढमढेरे सुरू झाला. “त्यो सायेब, भितीत एक...”

“तो सरांचा प्रयोग आहे,” मी म्हणाले.

मांजरेकर वळले. “प्रयोग?”

“गाणं रात्रपाळीचं आहे ना? सरांना ती सबंध रात्र आवाजात आणायची होती. माणूस, मशीन आणि मागे रात्र. मशीनवर बसून बनवलाय तो आवाज. लंडनची पद्धत.”

“असं,” मांजरेकर म्हणाले. ते सोफ्यावर जरा सरळ बसले. आरत्यांत त्यांना हे कुणी कधी दिलं नव्हतं. “आणि ह्या पोरीचा आवाज? हा असा... तारेसारखा?”

आता खरोखर एकच वाक्य पुरलं असतं. तोंडाशी आलंही होतं. समोर सर उभे होते, मी काय बोलतेय ते मात्र सगळं ऐकू येत असलेले. माझ्या आवाजाचं एकही अक्षर त्यांच्या कानातून सुटत नव्हतं. त्या गोदामात, आणि माझ्या माहितीत त्या गोदामाबाहेरही, मी जशी आहे तशी ज्याने पुरती ऐकली होती असा तो एकच माणूस. त्याला मारून मी आवाज कुणासाठी वाचवणार होते?

“तोही सरांचाच प्रयोग,” मी म्हणाले.

मांजरेकर उठले आणि त्यांनी नाडकर्णींचे दोन्ही हात हातात घेतले. “जबरदस्त,” ते म्हणाले. “रिक्षात लावलं तरी कळेल कुणाचं आहे ते.”

हे मात्र त्यांनी खरं सांगितलं. रिक्षातल्या त्या फुटक्या स्पीकरांतून बाकी सगळ्या कॅसेटी घोगऱ्या येत, आमची तेवढी कानात घुसे. ती भयंकर खपली. आणि त्यानंतर मराठी रॉकमध्ये रातकिड्यांचा सुळसुळाट झाला. पोरांनी सिंथेसायझर विकत घेऊन किर्र काढायला सुरुवात केली. सांगलीच्या एका बँडने बेडूक घातले आणि त्यांना पुढचं पाऊल टाकल्याचं श्रेय मिळालं. चांगल्या भरीव आवाजाच्या मुलींना पकडून किंचाळायला लावण्यात आलं, त्याला ‘नाडकर्णी धार’ असं नाव पडलं. एका प्राध्यापकांनी ‘औद्योगिक रात्रीचा नाद’ असा लेख लिहिला. नाडकर्णींनी पुढे वीसेक बँड घडवले, सगळे एकाच कानशीवरचे. मुलाखतीत कुणी विचारलं, सर, तो आवाज कसा सुचला, की ते डोळे मिटून म्हणायचे, “ते सांगायचं नसतं.” लोकांना वाटे, केवढा विनय.

भट्टी दोन वर्षांत विझली. कार्यक्रमात मी माझ्या आवाजात गायले की लोक ओरडत, कॅसेटमधली बाई कुठाय? मग मी गाणं सोडलं. आवाज अगदीच वाया गेला असं नाही. पुढे एका बँकेने फोनवरच्या सूचनांसाठी तो घेतला. ‘कृपया प्रतीक्षा करा’ असं जी बाई तुम्हाला गेली कित्येक वर्षं सांगतेय, ती मी. ऐकून लोकांना सर्वात जास्त राग ज्याचा येतो, तो माझा मूळ आवाज.

गेल्या वर्षी पुण्यात नाडकर्णींचा सत्कार झाला. जीवनगौरव. हॉल भरलेला, निम्मे लोक स्वतःच प्रोड्यूसर. सर ऐंशीच्या पुढचे, शेंडी पांढरी, खडावांऐवजी कॅनव्हासचे बूट. वहिनी दोन वर्षांपूर्वी गेल्या होत्या. मला स्टेजवर त्यांच्या शेजारच्या खुर्चीत बसवलं होतं, ‘धारेचा पहिला आवाज’ म्हणून.

“मुलीने मशीन पाठवलंय,” बसता बसता ते म्हणाले आणि कान दाखवला. दोन्ही कानांत छोटी यंत्रं होती. “आठवडा झाला. सगळं ऐकू येतं आता. पंख्याला आवाज असतो, तुला माहीत होतं?” मग म्हणाले, “निमाच्या वेळी नव्हतं निघालं असलं. किंवा निघालं असेल, मीच विचारलं नाही.”

निवेदक म्हणाला की आता ज्या गाण्याने इतिहास घडवला ते ऐकू या. दिवे मंद झाले. ‘तिसरी पाळी’ सुरू झालं.

सर दचकले. खुर्चीचे हात त्यांनी गच्च धरले. पहिल्या ओळीलाच त्यांचा चेहरा असा झाला की मला वाटलं त्यांना काही होतंय.

“ही कोण किंचाळतेय?” त्यांनी मला विचारलं.

“मी, सर.”

“छे. तू नाही ही.” आणि मग त्यांनी मान वळवली, कान टवकारले आणि बोट वर केलं. “रातकिडा. हॉलमध्ये रातकिडा शिरलाय.”

ते खरोखर वाकले आणि खुर्चीखाली बघायला लागले. अध्यक्ष चपापले. मीही त्यांच्याबरोबर वाकले, दुसरं काय करणार? टेबलाच्या पडद्याआड आम्ही दोघं ओणवी, वर आमचंच गाणं.

“गेला, सर,” मी त्यांच्या कानाशी म्हणाले.

“नाही गेला. ओरडतोय. ऐक ना.” त्यांचं बोट हवेत हलत हलत स्टेजच्या कोपऱ्यातल्या स्पीकरपाशी येऊन थांबलं. रातकिडा मध्येच थांबला. पुन्हा सुरू झाला. ते बोट तसंच राहिलं.

“हा तेव्हाचाच का?” त्यांनी विचारलं.

“तोच.”

ते सरळ होऊन बसले. गाणं संपलं. टाळ्यांचा कडकडाट झाला. त्यांनी एक यंत्र काढलं, मग दुसरं, आणि दोन्ही सदऱ्याच्या खिशात ठेवली. लोकांना वाटलं, सर डोळे पुसतायत. बहुधा तेही करत असावेत.

“शलाकाताई, दोन ओळी होऊन जाऊ द्या,” निवेदक म्हणाला आणि त्याने माइक माझ्या हातात दिला.

मी सुरुवात केली, खालून, माझ्या जागेवरून. पहिल्याच ओळीला हॉलमध्ये चुळबुळ झाली. मागे साउंडवर बसलेला सरांचा कुणी शिष्य घाबरला असावा. त्याने लगबगीने ट्रेबल वाढवलं आणि माझा आवाज पुन्हा तारेसारखा व्हायला लागला. मी सरांकडे पाहिलं. ते माझ्याकडे वळून बसले होते, कपाळाला आठ्या घालून, काहीतरी हातचं निसटत असल्यासारखे.

मी माइक बंद करून टेबलावर ठेवला आणि गाऊ लागले.

त्यांच्या आठ्या गेल्या. त्यांनी डोळे मिटले आणि मांडीवर ठेका धरला. मागच्या रांगांतून लोक ओरडायला लागले, “ऐकू येत नाही. ओ ताई, ऐकू येत नाही.”